आजाऱ्याच्या खोलीतला फिरता कॅमेरा: वर्षभर समोर राहिल्यावर

घरात अंथरुणावरचं माणूस आहे, मुलं लांब आहेत आणि कोणीतरी सुचवलंय की ‘एक कॅमेरा लावून टाका, काळजीच मिटेल’, अशा घरांसाठी हे लिहितेय. या कॅमेऱ्यांचे जे रिव्ह्यू वाचायला मिळतात ते बहुतेक लावणाऱ्यांनी लिहिलेले असतात. चित्र स्वच्छ येतं, ॲप सोपं आहे, पैसे वसूल. ज्याला त्या कॅमेऱ्यासमोर दिवसरात्र राहावं लागतं त्याचं मत मला कुठे सापडलं नाही. मी समोर राहणारी आहे.

आम्ही ठाण्यात पाचपाखाडीला राहतो. मी निवृत्त नर्स, शेवटची बरीच वर्षं मेडिकल वॉर्डची सिस्टर इन्चार्ज होते. यांना पक्षाघाताचा झटका आला, त्यात उजवी बाजू लुळी पडली आणि वाचा गेली. डॉक्टर त्याला अफेझिया म्हणतात. समजतं सगळं, शब्द बाहेर येत नाहीत. मुलगा टोरांटोला, मुलगी पुण्यात. दिवसा ब्युरोकडून आलेल्या मावशी असतात, रात्री मी.

मुलगा सुट्टीवर आला होता तेव्हा गोखले रोडवरच्या दुकानातून हा कॅमेरा आणला. किंमत तीन हजारांच्या आत. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण मला जे म्हणायचंय ते या किमतीतल्या बऱ्याच कॅमेऱ्यांना लागू आहे. मान गोल फिरवणारा, तीन मेगापिक्सलचा, अंधारात दिसणारा, दोन्हीकडून बोलता येणारा. आत १२८ जीबीचं कार्ड टाकलं की आठवडा-दहा दिवसांचं रेकॉर्डिंग राहतं, मग जुनं पुसून नवं चढतं. कपाटावर बसवला, तोंड यांच्या पलंगाकडे.

वस्तू म्हणून त्यात खोट काढण्यासारखं थोडंच आहे. चित्र खरोखर स्वच्छ येतं. गोळ्यांच्या डबीवरचे वार तिकडे वाचता येतात. पावसाळ्यात एकदा मी खाली मेडिकलमध्ये गेले होते, मावशी बाथरूममध्ये कपडे भिजवत होत्या. हे सरकत सरकत पलंगाच्या कडेला आले आणि डावा हात कठड्याच्या फटीत अडकला. मुलाने तिकडून पाहिलं, कॅमेऱ्यातून मावशींना हाक मारली, त्या धावल्या. हात सुजला, पण मोडला नाही. फिजिओथेरपिस्टने बसण्याच्या व्यायामाची क्लिप यांना दाखवली तेव्हा आपण उजवीकडे किती कलतो ते यांना पहिल्यांदा दिसलं आणि तेव्हापासून ते स्वतः सावरून बसायला लागले. हे फायदे खरे आहेत, मी ते नाकारत नाही.

अडचणीही सांगते. मच्छरदाणी लावली की रात्रीचं चित्र पांढरं फटक होतं, कारण कॅमेऱ्यातून निघणारा न दिसणारा प्रकाश जाळीवर आपटून परत येतो. ठाण्यात मच्छरदाणीशिवाय आजारी माणसाला झोपवणं शक्य नाही, त्यामुळे रात्री चेहरा दिसायचाच नाही. पडदा हलला तरी ‘व्यक्ती दिसली’ असा इशारा जायचा. लाइट गेली की राउटर बंद, राउटर बंद की कॅमेरा मुका, आणि मग टोरांटोहून फोन. या सगळ्यावर उपाय आहेत. राउटरला छोटा बॅकअप लावला, इशारे कमी केले. एवढंच असतं तर मी पाचपैकी चार देऊन मोकळी झाले असते.

हा कॅमेरा हालचालीमागे फिरतो. पलंगावरचं माणूस फारसं हलत नाही. त्यामुळे व्हायचं काय, की कॅमेरा बसवला यांच्यासाठी आणि फिरायचा आमच्यामागे. मी दारातून आत आले की घर्रर्र असा बारीक आवाज, मान माझ्याकडे. मी कपाटापाशी गेले की मान तिकडे. मावशी लादी पुसत मागे सरकल्या की त्यांच्यामागे. आवाज इतका बारीक की टीव्ही चालू असेल तर ऐकूही येत नाही. पण रात्री ऐकू येतो. इथे रात्रीचे दोन म्हणजे उन्हाळ्यात तिकडे आदल्या दिवशीचे दुपारचे साडेचार. मी डायपर बदलायला उठते तेव्हा मुलगा ऑफिसात जागा असतो.

स्पंजिंगच्या वेळी हे डाव्या हाताने चादर छातीपर्यंत ओढून घट्ट धरायला लागले. बोटं एकेक करून सोडवावी लागायची. थंडी वाजत असेल म्हणून मी पाणी जास्त गरम केलं, पंखा बंद केला. तरी तेच. मग एकदा मी टॉवेल घ्यायला वळले, मोटर वाजली, आणि यांची नजर आधी कपाटाकडे गेली, मग मूठ आणखी आवळली. मला कळलं. मी टर्किश टॉवेल कॅमेऱ्यावर टाकला. मूठ सैल झाली, लगेच नाही, थोड्या वेळाने. तेवढ्यात फोन वाजला. ‘आई, काही दिसत नाहीये. कॅमेरा पडला का?’

मी सांगितलं, आंघोळ चाललीय. तो म्हणाला, ‘अगं, बाबांनाच तर बघतोय मी. माझ्यापासून काय लपवायचंय?’ त्याचा सूर दुखावल्यासारखा होता. वाईट हेतू त्याच्या मनात नव्हता, हे इथेच लिहून ठेवते.

वॉर्डात आम्ही नजरेनेच काम करायचो. सिस्टरचं टेबल असं असायचं की तिथून सगळ्या खाटा दिसाव्यात. कोणाचा श्वास वर लागलाय, कोणाचं सलाइन संपत आलंय, कोण गप्प गप्प झालंय, हे लांबून कळलं पाहिजे. तेव्हा नजर ठेवण्याच्या मी विरोधात कशी असेन? पण त्याच वॉर्डात चाकांचे स्क्रीन होते, म्हणजे खाटेभोवती लावायचे पडद्याचे आडोसे. शिकाऊ मुलींना माझं पहिलं सांगणं हेच असायचं की आधी स्क्रीन लाव, मग पेशंटला हात लाव. बेडपॅन द्यायचं असो, कॅथेटर घालायचा असो, जेवढा भाग उघडा करायला हवा तेवढाच, बाकी अंगावर चादर. पेशंट बेशुद्ध असला तरी. बेशुद्ध माणसासाठी तर जास्तच, कारण तो ‘नको’ म्हणू शकत नाही. आमच्या घरातलं माणूसही ‘नको’ म्हणू शकत नाही.

कॅमेऱ्याला तो स्क्रीन नाही. म्हणजे आहे, पण ॲपमध्ये. ‘प्रायव्हसी मोड’ दाबलं की भिंग खाली वळून आत जातं. ते दाबायचा हक्क मात्र ज्याच्या नावाचा मुख्य अकाउंट त्याला. मुलाने मला, मुलीला, सुनेला ॲप शेअर करून दिलं होतं. शेअर केलेल्याला बघता येतं, बोलता येतं, बंद करता येत नाही. माझ्या बेडरूममध्ये, माझ्या नवऱ्याच्या पलंगासमोर काय दिसावं याचं बटण टोरांटोत होतं. मी फक्त टॉवेल टाकू शकत होते.

आता माझ्याबद्दल. आधी मला वाटायचं की आपल्याला काय, आपण आयुष्यभर डॉक्टर, मेट्रन, नातेवाईक, सगळ्यांच्या डोळ्यांसमोर काम केलंय. पण ड्युटी संपली की कपडे बदलून मी घरी यायचे. इथे ड्युटी संपतच नव्हती. घरात गाउन घालणं सोडलं, दिवसभर साडी. दुपारी यांच्याशेजारी जरा आडवी व्हायचे ते बंद झालं. मी मोठ्याने बोलायला लागले. ‘घ्या हं, बीपीची गोळी घ्या. आता पाणी.’ यांचे कान उत्तम आहेत. ते बोलणं यांच्यासाठी नव्हतंच. सून बघत असेल, तिला कळावं की सासूबाई वेळेवर गोळी देतात, म्हणून होतं. कधी चिडचिड झाली, भरवताना यांनी भात तोंडातून ओघळू दिला आणि मला राग आला, की मी राग गिळायची आणि हसरा चेहरा करायची. हे दिवसभर केल्यावर संध्याकाळी मान आणि जबडा दुखायचा. रडायला मी बाथरूममध्ये जायचे. बहिणीशी फोनवर बोलायला जिन्याच्या वळणावर.

यांचा हात हातात घेऊन बसणंही कमी झालं. चाळीस वर्षांहून जास्त संसार झालाय आमचा, पण आमच्या पिढीत मुलांसमोर आम्ही कधी तसे बसलो नाही. आणि मुलगा, सून कायम समोरच होते.

मुलगी पुण्यात कॉलेजात मानसशास्त्र शिकवते. तिला मी हे सांगितलं तेव्हा तिने मला वेडगळ ठरवलं नाही, एक प्रयोग वाचून दाखवला. सिडनीच्या तंत्रज्ञान विद्यापीठातल्या संशोधकांनी २०२४ च्या अखेरीस प्रसिद्ध केलेला. ५४ माणसं घेतली. काहींना सांगितलं की तुमच्यावर कॅमेरे लावलेत, त्यांना ते कॅमेरे दाखवले. बाकीच्यांवर कॅमेरे नव्हते. मग सगळ्यांना पडद्यावर एका डोळ्यापुढे चेहरा आणि दुसऱ्या डोळ्यापुढे झगमगतं चित्र दाखवलं, म्हणजे चेहरा जाणिवेत यायला वेळ लागतो. कॅमेऱ्याखालच्या लोकांना तो चेहरा जवळपास एक सेकंद आधी दिसला. विचारलं तर त्यांना कॅमेऱ्याचं फारसं काही वाटत नव्हतं. म्हणजे ‘मला सवय झालीय’ असं माणूस मनापासून म्हणतो, आणि आत मेंदू पहाऱ्यावर उभाच असतो. दुसऱ्याच्या नजरेबद्दल असं हळवं होणं सायकोसिसमध्ये, म्हणजे वास्तवाचं भान सुटणाऱ्या आजारात, आणि लोकांना घाबरण्याच्या आजारात दिसतं, असंही त्या संशोधकांनी म्हटलंय. ट्रेनिंगमध्ये मनोरुग्णांच्या वॉर्डात पोस्टिंग होतं तेव्हा असे पेशंट मी पाहिले होते, भिंतीकडे बोट दाखवून ‘तिकडून बघतायत’ म्हणणारे. त्यांना आम्ही समजवायचो की तिथे कोणी नाही. माझ्या खोलीत खरोखर कोणी होतं.

सगळ्यात जास्त नुकसान यांच्या बोलण्याचं झालं. स्पीच थेरपिस्ट आठवड्यातून एकदा येते आणि रोजचा सराव देऊन जाते. आरसा समोर धरून आवाज काढायचे, वस्तूंची नावं घ्यायची, ‘एक-दोन-तीन’ म्हणायचं. खोलीत हे तोंड उघडायचे नाहीत. गॅलरीत खुर्चीवर बसवलं की ‘पाणी’ जवळजवळ स्वच्छ म्हणायचे, खोलीत ओठ मिटलेले. तिने चहूकडे पाहिलं आणि विचारलं, ‘सिस्टर, हा कॅमेरा चालू असतो का?’ यावरही मुलीने सांगितलं की रॉबर्ट झायन्स नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९६५ सालीच हे मांडलं होतं: अंगवळणी पडलेलं काम माणूस इतरांसमोर जास्त चांगलं करतो, पण नवं काही शिकत असताना समोर कोणी असलं की चुका वाढतात. सत्तरी ओलांडलेला माणूस, ज्याने बँकेत मॅनेजर म्हणून शंभर माणसांपुढे भाषणं केली, तो ‘पाणी’ म्हणायला शिकतोय आणि ते शिकणं रेकॉर्ड होतंय, वर ते चार फोनवर दिसतंय. तो तोंड मिटून घेणारच.

मावशींचं वेगळंच. त्या जेवायला खोलीतच बसायच्या, यांच्यावर लक्ष राहावं म्हणून. मी पाहिलं की त्या डबा उघडताना भिंतीकडे तोंड करतात, पदर डोक्यावर घेतात आणि घाईघाईने घास घेतात. विचारलं तर म्हणाल्या, ‘ताई, खाताना कोणी बघितलं तर गिळवत नाही.’ त्यांना चित्राचं माहीत होतं, आवाजाचं कोणी सांगितलं नव्हतं. एकदा त्या स्वतःच्या मुलीशी फोनवर नवऱ्याच्या दारूबद्दल बोलत होत्या आणि संध्याकाळी मुलाने मला विचारलं, ‘मावशींच्या घरी काही प्रॉब्लेम आहे का? सुट्ट्या घेतील का?’ मी मावशींना खरं ते सांगितलं. त्या महिनाअखेरीला काम सोडून गेल्या. भांडल्या नाहीत. यांच्या पाया पडल्या आणि गेल्या. इतकी हलक्या हाताची बाई परत मिळाली नाही.

कॅमेरा असला की माणसं नीट वागतात, हा मुलाचा मुद्दा खोटा नाही. २००६ मध्ये न्यूकॅसल विद्यापीठात चहा-कॉफीचे पैसे आपणहून टाकायच्या डब्याजवळ नुसतं डोळ्यांचं चित्र लावलं, तर फुलांचं चित्र लावलेल्या आठवड्यांपेक्षा जवळपास तिप्पट पैसे जमले. पण डब्यात पैसे टाकणं वेगळं आणि आजाऱ्याची सेवा वेगळी. सेवेत माणूस सैल असावं लागतं. मावशी यांना कूस बदलताना ओव्या म्हणायच्या, त्या लयीत हे अंग ढिलं सोडायचे. आवाज रेकॉर्ड होतो हे कळल्यावर ओव्या थांबल्या. कूस बदलणं नियमाप्रमाणे दर दोन तासांनी होतच राहिलं, त्यात कसूर नव्हती.

मुलाबद्दल मला सगळ्यात उशिरा कळलं आणि त्याने मी जास्त हादरले. तो म्हणाला, ‘आई, मी उठल्या उठल्या आधी ॲप उघडतो. मीटिंगमध्ये टेबलाखाली उघडतो. बाबा हलले नाहीत की झूम करून छाती वर-खाली होतेय का बघत बसतो. मच्छरदाणीत दिसत नाही, मग तू उठेपर्यंत मला काम सुचत नाही.’ लांबून बघणाऱ्याला दिसतं, पण हात पोचत नाही. वॉर्डात मला शंका आली तर दहा पावलांवर खाट होती. त्याला शंका आली तर समुद्र मध्ये. काळजी मिटवायला घेतलेली वस्तू त्याची काळजी दर दहा मिनिटांनी ताजी करत होती. त्याच्याकडे स्वयंपाकघरात टॅबवर हे कायम चालू असायचं, हेही तेव्हाच कळलं. त्यांच्या घरी गणपतीला जमलेल्या मित्रमंडळींपैकी कोणी म्हणालं होतं, ‘अरे, काकू दिसतायत बघ.’ कोण, मला माहीत नाही. त्यांनी मला कोणत्या अवस्थेत पाहिलं तेही माहीत नाही.

‘या वयात कसली आलीय प्रायव्हसी’ असं आमच्या नात्यातले एकजण मला तोंडावर म्हणाले. त्यांना मी के. एस. पुट्टस्वामींचं नाव सांगितलं. कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायाधीश. आधारविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात याचिका केली ती २०१२ साली, वयाच्या ८६ व्या वर्षी. त्याच खटल्यात २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायमूर्तींच्या घटनापीठाने एकमताने सांगितलं की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे, घटनेच्या कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. घर, कुटुंब, शरीर हे सगळं त्यात आलं. या देशाला हा हक्क म्हाताऱ्या माणसाच्या नावाने मिळालाय.

कायदा मात्र आमच्या पलंगापर्यंत पोचत नाही. २०२३ चा वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा घरगुती कामासाठी वापरलेल्या माहितीला लागूच होत नाही. फुटेज बाहेर गेलं, कोणी पसरवलं, तर पोलिसांकडे जाता येतं, पण मुलाने आईबापांच्या खोलीत कॅमेरा लावला तर ते घरातच निस्तरायचं. आणि फुटेज बाहेर जातं. राजकोटमधल्या एका प्रसूतिगृहातल्या तपासणीचं चित्रीकरण असंच बाहेर येऊन विकलं गेलं, ते २०२५ च्या फेब्रुवारीत उघडकीला आलं, आणि अटक झालेल्यांत आपल्या महाराष्ट्रातलेही होते. नर्स म्हणून ती बातमी वाचणं मला सहन झालं नाही. २०१६ मध्ये मिराय नावाच्या व्हायरसने जगभरातले कॅमेरे आणि राउटर ताब्यात घेतले होते, ते कंपनीने घालून दिलेले पासवर्ड लोकांनी बदललेच नव्हते म्हणून. आमच्या कॅमेऱ्याचाही पासवर्ड घराच्या नावावरून ठेवलेला होता. तो मी मुलीला बदलायला लावला आणि दुहेरी पडताळणी चालू केली.

मग व्हिडिओ कॉलवर मुलाशी बोलले. व्हिडिओ कॉलवर मुद्दाम, कारण तिथे मलाही तो दिसतो. चिडले नाही. म्हटलं, तुझी भीती मला समजते, पण बाबांच्या मुठीचं तू काय करणार? तो बराच वेळ बोलला नाही. नंतर म्हणाला, ‘बाबांनाच विचार.’ मी यांना विचारलं, कॅमेरा पूर्ण काढायचा का? मानेने ‘नाही’ म्हणाले. ठेवायचा? तरी ‘नाही’. मग डावा हात पुढे केला आणि अंगठ्याने बटण दाबल्यासारखं केलं.

इलेक्ट्रिशियनला बोलावलं. जुन्या घरात पलंगापाशी वायरला लोंबणारं बटण असायचं, दिवा झोपल्या झोपल्या बंद करायला, तसं बटण त्याने कॅमेऱ्याच्या वायरीत बसवलं आणि पलंगाच्या डाव्या कठड्याला बांधून दिलं. वायर, बटण, मजुरी धरून चारशे रुपये. कॅमेरा कपाटावरून काढून दाराच्या बाजूला लावला, म्हणजे पलंगाची कड आणि संडासाकडची वाट दिसते, पलंगाचा मधला भाग दिसत नाही. माग काढणं बंद, मान स्थिर. माइक बंद. मुख्य अकाउंट माझ्या फोनवर घेतला. टोरांटोतला टॅब बंद झाला. शिवाय एक वायरलेस कॉलबेल आणली, बटण यांच्या उशाशी, घंटा स्वयंपाकघरात. कॉलबेल आजाऱ्याने वाजवायची असते, हा तिचा मोठा गुण. कॅमेऱ्याआधी तिच्यावर पैसे घाला.

मुलाला आता ठरलेल्या वेळी रात्री साडेनवाला व्हिडिओ कॉल असतो आणि अधेमध्ये मी किंवा नव्या मावशी एक मेसेज टाकतो: जेवले, झोपले, बीपी इतकं. सुरुवातीला त्याला हे जड गेलं. हे दुपारी कॅमेरा बंद करायचे तेव्हा तो मला फोन करायचा. आता बहुतेक वेळा करत नाही. बोलण्याचा सराव खोलीत सुरू झालाय. बटण बंद करूनच हे आरसा मागतात. झपाट्याने सुधारणा झाली असं मी म्हणणार नाही, झटक्यानंतरचं बोलणं हळूहळूच येतं आणि कधी कधी पूर्ण येत नाही. माझा जबडा दुखायचा थांबलाय.

आता मार्क. वस्तू म्हणून पाचपैकी चार. आजाऱ्याच्या खोलीत, दुकानातून आणला तसाच लावला तर एक, तोही त्या अडकलेल्या हातासाठी. बटण पलंगावरच्या माणसाच्या हातात दिलं तर तीन.

घ्यायला जाणार असाल तर दुकानात चित्राची स्पष्टता सगळेच दाखवतात, त्यात वेळ घालवू नका. भिंगावर हाताने सरकवायची झडप आहे का ते बघा. काही मॉडेलना असते आणि खोलीतल्या माणसाला ती कळते, कारण डोळ्यांना दिसते. शेअर केलेल्या फोनवरून कॅमेरा बंद करता येतो का ते दुकानदाराला तुमच्यासमोर करून दाखवायला सांगा. माइक कायमचा बंद ठेवता येतो का? कार्डावर साठवण होते की महिन्याला पैसे भरून बाहेर कुठेतरी? एप्रिल २०२५ पासून इथे विकायच्या कॅमेऱ्यांना सरकारी सुरक्षा चाचणीची अट आहे, त्याचा कागद मागा.

आणि ब्युरोकडून माणूस घेणार असाल तर पहिल्या दिवशीच त्यांना तुमच्या फोनवर कॅमेऱ्याचं चित्र दाखवा. काय दिसतं, काय ऐकू येतं, कोण कोण बघतं, जेवायला आणि कपडे बदलायला कोणती खोली. आमच्या नव्या मावशींनी ते सगळं नीट बघून घेतलं आणि विचारलं, ‘आजोबांनी बंद केला तर मी परत चालू करायचा का?’ मी सांगितलं, नाही, त्यांना विचारायचं.